कापशी, भोवत्या की सापमार? खान्देशातले पांढरे शिकारी पक्षी कसे ओळखायचे

‘पांढरा गरुड दिसला, फोटो टाकतोय, कोणता ते सांगा.’ थंडी सुरू झाली की असे निरोप व्हॉट्सॲपवर येऊ लागतात. फोटोत आभाळाच्या मधोमध एक पांढुरका ठिपका असतो. खान्देशात तो ठिपका कापशीचा असू शकतो, भोवत्याचा, सापमार गरुडाचा, ऑस्प्रेचा म्हणजे मासेमार घारीचा, नाहीतर पांढऱ्या गिधाडाचाही. नुसतं ‘पांढरा’ म्हटलं तर यातलं कोणीच गळत नाही. पांढरा रंग अंगावर नेमका कुठे आहे आणि कुठे येऊन थांबतो, एवढं सांगितलंत तर यादी दोन-तीन नावांवर येते. म्हणून नवशिक्यांना मी आधी पक्ष्यांची नावं पाठ करायला सांगत नाही, पांढऱ्याच्या कडा बघायला सांगतो.

सुरुवातीलाच काही नावं बाजूला काढू. मान आखडून संथ पंख मारत जाणारा पांढराशुभ्र पक्षी बगळा. धरणावर लांब, टोकदार पंखांनी भिरभिरणारे सुरय आणि कुरव. रात्री गाडीच्या उजेडात रस्त्याकडेला पांढरं काही उडालं तर बहुधा गव्हाणी घुबड. आणि पांढऱ्या पोटाचा समुद्र गरुड आपल्याकडचा नव्हे. तो किनारपट्टीचा पक्षी आहे. तापीच्या डोहावर काढलेल्या फोटोखाली त्याचं नाव लिहिण्याआधी ऑस्प्रे आणि ब्राह्मणी घार तपासून घ्या.

पहिली पायरी: उजेड कुठून येतोय?

ही पायरी बहुतेक जण गाळतात. डोक्यावरून जाणाऱ्या पक्ष्याच्या पोटाचा रंग खालच्या जमिनीवर बराच अवलंबून असतो. उन्हाळ्यात तापी, गिरणा, पांझरा या नद्यांचं पात्र कोरडं पडतं. वाळूवरून उजेड वर फेकला जातो आणि साध्या घारीचं पोटही उजळ दिसतं. तीच घार नांगरलेल्या काळ्या रानावरून गेली की मातकट तपकिरी दिसते. फिकट पक्षी पात्रावर दिसला असेल तर तो बाजूच्या रानावर येईपर्यंत नजर हलवू नका.

कॅमेराही फसवतो. आभाळाच्या पार्श्वभूमीवर मोबाइल किंवा कॅमेरा पक्ष्याला काळा करून टाकतो, तेव्हा एक्स्पोजर, म्हणजे फोटोतला उजेड, थोडं वाढवावं. काळ्या शेतावरून पांढरा पक्षी उडत असेल तर उलट करायचं, एक्स्पोजर कमी. नाहीतर पिसांवरच्या रेघा, पट्टे सगळे जळून जातात आणि हाती नुसता पांढरा कागद राहतो. फोटो फार उजळलेला असेल तर त्यातल्या पांढऱ्यावर विश्वास ठेवू नका, आकारावर ठेवा.

दुर्बीण ८×४२ ची, म्हणजे आठपट मोठं दाखवणारी, पुरेशी. दहापट मोठं दाखवणारी घेतली तर हात थरथरल्यावर तीही दहापट थरथरते. वेळ म्हणाल तर जमीन तापून गरम हवा वर उठू लागली की मोठे गरुड घिरट्या घालायला निघतात. थंडीत साधारण नऊ ते अकरा हा वेळ चांगला. कापशी आणि भोवत्यांसाठी मात्र सकाळ-संध्याकाळची कलती उन्हं बरी. एप्रिल-मेमध्ये जळगाव-भुसावळकडे पारा ४४-४५ अंशांवर जातो, तेव्हा दहानंतर हवा इतकी लहरते की दुर्बिणीतून काही धड दिसत नाही. घरी जावं हेच बरं.

दुसरी पायरी: कावळा आणि घार यांची मापं

‘मोठा होता’ म्हणून काही कळत नाही. कशापेक्षा मोठा ते सांगा. आपल्याकडे दोन मापं कायम आभाळात हजर असतात, कावळा आणि साधी घार. पक्षी कावळ्याएवढा किंवा त्याहून जरा लहान असेल तर कापशी किंवा शिक्रा. कावळ्याहून मोठा पण घारीपेक्षा सडपातळ आणि हलका असेल तर भोवत्या. घारीच्या आसपासचा असेल तर ब्राह्मणी घार, बूटेड गरुड, मधुबाज. घारीपेक्षा जाणवण्याइतका मोठा असेल तर सापमार, बोनेलीचा गरुड, ऑस्प्रे, पांढरं गिधाड. एकट्या पक्ष्याचं माप आभाळात नेहमी चुकतं, त्यामुळे शेजारून कावळा किंवा घार जाईपर्यंत थांबा. कावळे बहुतेक वेळा त्याला पिटाळायला स्वतःच येतात, तेवढं काम ते फुकट करून देतात.

तिसरी पायरी: पांढरा कुठे संपतो?

इथे जरा रेंगाळायला हवं, खरी ओळख इथेच होते. सुरुवात कापशीपासून करू, कारण ती रोज दिसते आणि ती पक्की झाली की बाकीचे तिच्या तुलनेत कळतात.

कापशी घार विजेच्या तारेवर, बाभळीच्या वाळल्या शेंड्यावर, कधी हरभऱ्यात रोवलेल्या पक्षीथांब्यावर बसलेली असते. थांब्यांवर कोतवालांचीच गर्दी जास्त, पण उंदीर असतील तिथे कापशीही येते. डोकं आणि पोट स्वच्छ पांढरं, पाठ फिकट राखाडी, आणि खांद्यावर ठसठशीत काळा डाग. डोळा लालभडक, त्याच्याभोवती काजळ घातल्यासारखी काळी रेघ. बसल्या बसल्या शेपूट वर-खाली हलवते. उडाली की खालून पंखांची फक्त टोकं गडद दिसतात.

शिकार करताना तिला एकदा नीट बघा. दादरच्या, म्हणजे रब्बी ज्वारीच्या, शेतावर ती हवेत एका जागी पंख फडफडवत थांबते, डोकं खाली, पाय सैल सोडलेले. मग एकदम झेप घेत नाही. थोडी खाली उतरते, पुन्हा थांबते, पुन्हा थोडी उतरते, आणि शेवटच्या टप्प्यात दोन्ही पंख पाठीवर उभे करून सरळ खाली पडते. उंदीर सापडला तर खांबावर नेऊन फाडून खाते, नाही सापडला तर पुन्हा वर. धुळ्याकडच्या एका म्हाताऱ्या शेतकऱ्याला, कापशीला कोणी त्रास देतं का, असं विचारलं तर तो म्हणाला, “उंदीर खास ती, तिले कोन मारी?” (उंदीर खाते ती, तिला कोण मारेल?) तेवढं शेतकऱ्यांना पक्कं ठाऊक असतं.

कापशीच्या पिल्लांनी मात्र गोंधळ होतो. त्यांच्या छातीवर आणि डोक्यावर तपकिरी झाक असते आणि पाठीच्या राखाडी पिसांना पांढऱ्या कडा असतात. खांद्यावरचा काळा डाग त्यांनाही असतो, तो बघा.

आता भोवत्या. ऑक्टोबरपासून मार्चपर्यंत हे आपल्याकडे पाहुणे असतात. मध्य आशियाच्या गवताळ मैदानांतून येतात, कझाकस्तान हा त्यातला मोठा प्रदेश. नर फिकट राखाडी-पांढरे असल्यामुळे लांबून कापशीच वाटतात. फरक उडण्यात आहे. भोवत्या शेतावरून कमरेएवढ्या उंचीवरून सावकाश, डावीकडे-उजवीकडे कलत जातो. पंख वर उचलून ‘व्ही’ करून तरंगतो, दोन-चार वेळा पंख मारतो, पुन्हा तरंगतो. शेपूट लांब. कापशीसारखा तारेवर जाऊन बसत नाही, जमिनीवर किंवा ढेकळावर बसतो. रात्रीही जमिनीवरच गवतात झोपतो, एकेका ठिकाणी बरेच जण मिळून.

नर भोवत्या दिसला की नजर सरळ पंखाच्या टोकाकडे न्या. पांढुरक्या भोवत्याचं काळं टोक अरुंद, पाचरीच्या आकाराचं असतं आणि बाकी सगळा पक्षी अगदी फिकट, पोट स्वच्छ. ही जात जागतिक यादीत ‘संकटसमीप’ मानली जाते, त्यामुळे तिची नोंद नीट घ्या. माँटेग्यूच्या भोवत्याचं राखाडी जास्त गडद, पंखाचं काळं टोक मोठं, वरून पंखाच्या मधोमध एक काळी रेघ आणि पोटावर तांबूस रेषा. माद्या दोन्हींच्या तपकिरी. त्यांचं पांढरं फक्त एका जागी असतं, शेपटीच्या मुळाशी, आणि ते उडताना मागून चमकतं. दोन्हींच्या माद्या शेतात वेगळ्या ओळखणं नवशिक्याच्या आवाक्यातलं नाही. अनुभवी लोकही चांगला फोटो असल्याशिवाय हात घालत नाहीत.

मोठ्यांमध्ये सर्वांत फिकट सापमार गरुड. पंखांचा पसारा पावणेदोन मीटरच्या आसपास. डोकं मोठं, गोल, घुबडाची आठवण यावी असं, डोळे पिवळे, पायांवर पिसं नाहीत. बहुतेकांचं डोकं आणि छाती तपकिरी असते आणि तिथून खाली सगळं पांढरं, त्यावर फिकट आडव्या रेघा. काहींना ही तपकिरी टोपीच नसते आणि असा पक्षी उन्हात खरोखर पांढरा गरुड दिसतो. मग काय बघायचं? पंख जिथे मनगटासारखा वाकतो ती जागा. सापमारच्या मनगटावर काळा डाग नसतो. ऑस्प्रेच्या असतो, लांब पायांचा बझार्ड या बाजाच्याही असतो. शेपटीवर तीन-चार आडवे पट्टे असतात. एवढा मोठा असूनही तो कापशीसारखा हवेत एका जागी थांबतो, फक्त त्याचं फडफडणं जड असतं. साप पकडून तो गिळायला लागतो आणि तसाच उडतो, चोचीबाहेर सापाची शेपटी लोंबत असते. असं दृश्य दिसलं तर पुढचं काही तपासायला नको.

लळिंगचं कुरण, चाळीसगाव-पाचोरा भागातली माळरानं, तापीकाठच्या पडीक जमिनी या त्याच्या जागा. दाट जंगलात त्याला शोधू नका.

बूटेड गरुड आकाराने घारीपेक्षा किंचित लहान आणि हिवाळी पाहुणा. याचे गडद आणि फिकट असे दोन प्रकार. फिकट प्रकार खालून बघितला की पंखाचा पुढचा अर्धा भाग पांढरा आणि मागचा अर्धा काळा, मधली सीमारेषा पट्टीने आखावी तशी. शेपूट फिकट, पट्टे नाहीत. तो समोरून तुमच्याकडे येत असेल तर मानेच्या दोन्ही बाजूंना दोन छोटे पांढरे ठिपके उजळतात, लांबून येणाऱ्या गाडीच्या दिव्यांसारखे. ते दिसले की ओळख झालीच.

याच रंगसंगतीचा आणखी एक आहे, पांढरं गिधाड. पुढे पांढरं, मागे काळं. पण ते घारीपेक्षा मोठं, चेहरा पिवळा आणि उघडा, चोच बारीक, आणि शेपूट पाचरीसारखी निमुळती. पिल्लं गडद तपकिरी असतात, तेव्हा शेपटीच्या आकारावरच भर द्या. जागतिक पातळीवर ही जात धोक्यात आहे. जनावरांना देण्याच्या डायक्लोफेनॅक या वेदनाशामक औषधावर भारतात २००६ मध्ये बंदी आली ती गिधाडांच्या मृत्यूंमुळेच. गावाबाहेर मेलेली ढोरं टाकायची जागा असेल तर तिथे अधूनमधून चक्कर मारा. वासाची तक्रार करू नका.

बोनेलीचा गरुड कड्यांचा पक्षी. पाटणादेवीच्या परिसरातले सातमाळा डोंगररांगेचे कडे, सातपुड्यातल्या दऱ्या, तोरणमाळची धार, अशा ठिकाणी नजर ठेवा. पोट पांढरं, त्यावर बारीक उभ्या रेघा. पंखाखाली मधोमध गडद पट्टा. शेपूट राखाडी आणि टोकाला रुंद काळी पट्टी. पक्षी तुमच्या खालून, दरीतून गेला तर पाठीवर दोन खांद्यांच्या मध्ये पांढरा ठिपका दिसतो आणि ती खूण दुसऱ्या कोणाला नाही. बहुतेक वेळा जोडीने असतो. पिल्लं खालून तांबूस, त्यामुळे ‘पांढरा’ या यादीत ती येत नाहीत.

पाण्यावरचे दोघे

हतनूर धरण नवशिक्यांसाठी चांगलं, कारण पक्षी उघड्यावर असतात आणि लांबूनही वेळ मिळतो. पाण्यात उभ्या राहिलेल्या वाळक्या खोडावर मोठा, पांढऱ्या पोटाचा पक्षी बसला असेल आणि डोळ्यातून मानेपर्यंत जाडसर काळी पट्टी असेल तर तो ऑस्प्रे. उडताना पंख मधे वाकलेले, समोरून इंग्रजी ‘एम’ अक्षर. मनगटावर काळा डाग. पाण्यात पाय पुढे करून पडतो आणि मासा नेताना त्याचं तोंड पुढे करून धरतो. घारी मासा कसाही लोंबकळत नेतात, एवढ्यावरूनही लांबून अंदाज बांधता येतो.

ब्राह्मणी घारीचं डोकं, मान, छाती पांढरी आणि बाकी अंग विटकरी. एवढंच. तिची पिल्लं मातकट असतात, ती सोडून द्या.

जंगलात शिरलात तर

यावल अभयारण्य किंवा तोरणमाळच्या झाडीत गेलात की ‘पांढरा’ शब्दाला वेगळेच धोके. मोरघारीच्या पोटावर पांढऱ्यावर गडद रेघा असतात, तिची पिल्लं तर डोक्यापासून खालपर्यंत फिकट. तुरेवाल्या सर्पगरुडाचा प्रौढ गडद, पण त्याचंही पिल्लू इतकं पांढुरकं असतं की लोक त्याला भलतंच नाव देतात. झाडीत तो ओरडला तर ऐका. सर्पगरुडाची शीळ लांबून ओळखू येते आणि पिल्लाच्या आसपास बहुधा मोठे असतातच.

मधुबाज हा सगळ्यांचा घोळ घालणारा. त्याचे गडद, तांबूस, पांढुरके असे कितीतरी प्रकार, रंगावरून ओळखायचा प्रयत्नच करू नये. मान लांब, डोकं लहान आणि कबुतरासारखं, शेपटीवर जाड पट्टे. मोठ्या अंगावर लहान डोकं दिसलं की आधी याचा विचार करा.

आणि पांढऱ्या डोळ्यांचा बाज. नावात पांढरं, पण पांढरा त्याचा डोळा. गळा पांढरा असतो, त्याच्या मधोमध एक काळी उभी रेघ. खान्देशातल्या कोरड्या रानात, बाभूळ-बोरीच्या माळावर हा वर्षभर असतो आणि तारेवर आळसावून बसलेला सापडतो. नवशिक्यांच्या यादीत तो हवाच.

खरोखर विचित्र पांढरा असेल तर

कधी साधी घारच अर्धी पांढरी निघते. पिसांत रंगद्रव्य न उतरल्यामुळे असं होतं. ओळखायची सोपी युक्ती म्हणजे डावा आणि उजवा पंख ताडून बघणे. जातीची खूण दोन्हीकडे सारखी असते. एका पंखात तीन पांढरी पिसं आणि दुसऱ्यात एक, असं असेल तर तो रंगाचा दोष. अंगभर पांढरा आणि डोळे गुलाबी असतील तर तो पूर्ण रंगहीन, पण असे पक्षी मोठे होऊन दिसणं फार दुर्मीळ, कारण त्यांची नजर अधू असते आणि शिकारी पक्ष्याला ते परवडत नाही. अशा वेळी रंग विसरा. शेपूट दुभंगलेली असेल तर ती घारच.

वही कशी लिहायची

मोबाइलमध्ये फोटो आहे म्हणून लिहायचं टाळू नका. उडणाऱ्या पक्ष्याचं ओबडधोबड चित्र काढा, पोपटाचं निघालं तरी चालेल, आणि त्यात जिथे काळं दिसलं तिथे पेन्सिल फिरवा. पांढरं आपोआप उरतं. नमुना असा:

‘दुपारी चार. हरभऱ्याचं शेत, पलीकडे केळीची बाग. एकटा. घारीपेक्षा सडपातळ. जमिनीलगत, पंख वर. पाठ फिकट राखाडी, पोट पांढरं, रेघा दिसल्या नाहीत. पंखाचं टोक काळं, पण काळं थोडंच, मधल्या तीन-चार पिसांत. तारेवर बसला नाही. बांधावर उतरला.’

या नोंदीत पक्ष्याचं नाव कुठेही नाही, तरी वाचणाऱ्याला पांढुरका भोवत्या नर समोर दिसतो. सडपातळ, जमिनीलगत आणि बांधावर उतरला, यावरून कापशी गेली. काळं थोडंच आणि पोट स्वच्छ, यावरून माँटेग्यूही गेला. याउलट ‘पांढरा गरुड, फार सुंदर’ अशी नोंद कुणाच्याच कामाची नाही.

घरट्याचा पत्ता मात्र कुठेही टाकू नका, अगदी मित्रांच्या ग्रुपवरही नाही. बोनेलीच्या कड्याखाली कॅमेरेवाल्यांची गर्दी झाली की जोडी घरटं सोडून जाऊ शकते. घार, गरुड, भोवत्या, सगळ्यांना वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ लागू आहे. पकडणं, पाळणं, अंडी काढणं गुन्हा. संक्रांतीला मांज्यात अडकलेला पक्षी दिसला तर स्वतः ओढाताण न करता त्याच्यावर हलकं कापड टाका, पायांच्या नख्यांपासून हात लांब ठेवा आणि वनविभागाच्या १९२६ या क्रमांकावर फोन करा.

ई-बर्ड या पक्षीनोंदींच्या संकेतस्थळावर नोंद टाकताना शंका असेल तर ‘पांढुरका किंवा माँटेग्यूचा भोवत्या’ असा जोडपर्याय तिथे दिलेला असतो, तो निवडा. माद्यांच्या बाबतीत तर बहुतेक वेळा तोच निवडावा लागतो. त्याखाली वहीतला मजकूर जसाच्या तसा उतरवा आणि फोटो धूसर असला तरी जोडा, तपासणाऱ्याला पंखाचं टोक दिसलं तर तो पुढचं सांगेल.